फळाचं मांस

सध्या पांढुर्णा आणि सौंसर या दोन गावांत सगळ्यात बारकाईनं कोणता मजकूर वाचला जातो, असं मला कुणी विचारलं तर मी भक्तामराचं नाव घेणार नाही, वर्तमानपत्राचंही नाही. मी म्हणेन, जर्मन भाषेच्या बी-वन परीक्षेची नमुना प्रश्नपत्रिका. नर्सिंग झालेल्या, फार्मसी अर्धवट सोडलेल्या, बी.एस्सी. करून घरी बसलेल्या मुली ती मोबाइलवर उघडून दोन-दोन तास बसतात. एवढ्या मन लावून या मुलींनी शाळेतला धडासुद्धा वाचला नसेल. मग या मजकुराची समीक्षा का करू नये? कादंबरीची करतो, प्रवचनांच्या पुस्तकांची करतो. ज्या चार-पाच पानांवर मुलीचं पुढचं आयुष्य अडलेलं आहे, त्यांनी काय पाप केलं?

म्हणून मी वाचन-विभाग पेन्सिल घेऊन वाचला. शुब्रिंगचं जैन मतावरचं १९३५ सालचं पुस्तक मूळ जर्मनमधून वाचायच्या हौशीपायी मी ही भाषा शिकले होते, ती आता शेजारच्या मुलींच्या कामी येते आहे. त्यांच्या वह्या पाहत गेले आणि हे लिहावंसं वाटलं.

आधी रचना सांगते, कारण घरातल्या मोठ्यांना ती माहीत नसते आणि मुलगी ‘रीडिंग राहिलं’ म्हणाली की त्यांना वाटतं, मोठ्यानं वाचून दाखवायचं काहीतरी असेल. परीक्षेचे चार विभाग : वाचन, श्रवण, लेखन, संभाषण. प्रत्येकाला शंभर गुण, प्रत्येकात साठ हवेत, आणि एक राहिला तर तेवढाच पुन्हा देता येतो. गोएथे-इन्स्टिट्यूटनं ऑस्ट्रिया आणि स्वित्झर्लंडमधल्या संस्थांबरोबर बसवलेलं हे रूप २०१३ पासूनचं आहे. वाचनाला पासष्ट मिनिटं, पाच भाग, तीस प्रश्न, शब्दकोश चालत नाही. पहिल्या भागात कुणीतरी आपला अनुभव सांगतं आणि सहा विधानं बरोबर की चूक ते ठरवायचं. दुसऱ्यात वर्तमानपत्री दोन लेख. तिसऱ्यात सात माणसांच्या सात गरजा आणि दहा जाहिराती. ज्याची त्याला जोडायची, आणि एका गरजेला जाहिरातच नसते. चौथ्यात एखाद्या वादाच्या प्रश्नावर सात वाचकांची मतं, बाजूचा कोण आणि विरोधातला कोण एवढंच सांगायचं. पाचव्यात कसली तरी नियमावली.

आता हिशेब करा. तीसपैकी अठरा बरोबर आले तर साठ. सतरा आले तर सत्तावन्न, म्हणजे नापास. सौंसरच्या एका मुलीचे दोनदा सतराच आले. बाकी तिन्ही विभाग तिचे निघाले आहेत, बोलण्यात तर उत्तम गुण आहेत. घरात मात्र ‘आता एकदाच, मग स्थळं पाहू’ असं ठरलं आहे. जर्मनीत प्रशिक्षण घेत काम करायला जाणाऱ्यांना साधारण बी-वन लागतं, नर्सला पुढे नोंदणीसाठी बहुतेक ठिकाणी बी-टू. म्हणजे हा पहिलाच उंबरठा. आणि तो एका प्रश्नानं अडला आहे.

(आमच्याकडचं एक जास्तीचं दुखणं असं की आम्ही मराठी बोलतो, बाजाराला आणि दवाखान्याला नागपूरला जातो, पण १९५६ पासून मध्य प्रदेशात आहोत. २०२४ मध्ये महाराष्ट्र सरकारनं जर्मनीच्या बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला, तेव्हा इथल्या मुलींनी बातमी एकमेकींना पाठवली. पांढुर्णा २०२३ मध्ये जिल्हा झाला खरा, पण योजना सीमेच्या पलीकडची.)

प्रश्नपत्रिकेतलं जग पाहिलं की पहिली तक्रार मनात येते ती ही, की हे भाषेचं ज्ञान तपासतात की तिथल्या संसाराचं? भाड्याचं घर, अनामत रक्कम, कचरा वेगळा करणं, रिकामी बाटली परत देऊन पैसे घेणं, दुपारी आवाज न करणं. जिनं हे पाहिलंच नाही ती शब्द कळूनही अडखळते. ही तक्रार खरी आहे, पण जेवढी केली जाते तेवढी मोठी नाही. पाचव्या भागातली नियमावली पाहा. घराची, वाचनालयाची, व्यायामशाळेची, कसलीही असो. मुली तिला घाबरतात. पण आपल्या बायका तर जन्मभर नियमावल्या वाचत आल्या आहेत! मुक्तागिरीला जा, कुठल्याही क्षेत्रावर जा, धर्मशाळेच्या भिंतीवर फलक असतोच. खोली किती वाजता सोडायची, सूर्यास्तानंतर भोजनशाळा बंद, कंदमूळ आणायचं नाही, अमुक ठिकाणी चामड्याची वस्तू नको, पूजेच्या वस्त्रांत अमुक दारानंच जायचं. त्या फलकावरचा ‘फक्त’ कुठे आहे आणि ‘शिवाय’ कुठे आहे ते आपल्याला बरोबर दिसतं, कारण चुकलं तर चारचौघांत व्यवस्थापक बोलतो. पाचव्या भागात हेच करायचं आहे. मी मुलींना धर्मशाळेच्या फलकांचं जर्मन करायला लावलं, तेव्हा या भागाची भीती बरीच गेली.

खरी अडचण दुसरीकडे आहे, आणि तिचा दोष मी प्रश्नपत्रिकेला देत नाही. ऑनलाइन क्लासवाल्यांनी मुलींना एक युक्ती शिकवलेली असते : आधी प्रश्न वाचा, त्यातला मुख्य शब्द अधोरेखित करा, तो शब्द मजकुरात शोधा, सापडला की उत्तर तिथेच. पैसे घेऊन ही युक्ती विकली जाते. सौंसरच्या त्या मुलीची वही मी पाहिली, तिच्या चुकलेल्या प्रश्नांपैकी निम्म्याहून जास्त ठिकाणी तिनं शब्द अचूक शोधला होता. ती म्हणाली, “काकू, शब्द तं मी बरोबर पाहिला होता, मंग उत्तर कसं काय चुकलं?” उत्तर चुकलं ते शब्द सापडला म्हणूनच. परीक्षा बांधणारे लोक खुळे नाहीत. प्रश्नातला शब्द ते चुकीच्या पर्यायाजवळ मुद्दाम ठेवतात आणि बरोबर उत्तर वेगळ्याच शब्दांत सांगतात. प्रश्नात ‘सोमवार’ असेल तर मजकुरातही सोमवार असतो, पण तिथे लिहिलेलं असतं की वर्ग सोमवारी नाही, बुधवारीच सुरू होईल. शब्द शोधणारीला सोमवार दिसतो. वाचणारीला ‘नाही’ दिसतं.

आणि इथे तर आपली मराठी मदतीला येते, हे कुणी त्यांना सांगितलेलंच नाही. आपल्या वाक्यात होकार-नकार शेवटी असतो. ‘मी उद्या पांढुर्ण्याच्या बाजारात तुझ्यासाठी साडी बघायला येणार...’ आणि मग ‘नाही’. शेवटपर्यंत थांबायची सवय आपल्याला आईच्या दुधाबरोबर लागलेली असते. जर्मनमध्ये क्रियापदाचा एक तुकडा वाक्याच्या टोकाला जाऊन बसतो आणि तोच सगळा अर्थ फिरवतो : टोकाला ‘त्सू’ असेल तर बाई यायला कबूल झाली, ‘आब’ असेल तर तिनं नाही म्हणून कळवलं. बाकी वाक्य तेच. गौण वाक्यात तर अख्खं क्रियापदच शेवटी, अगदी मराठीसारखं. इंग्रजीच्या वाटेनं जर्मन शिकवणारे याला अवघड म्हणतात. मराठीच्या वाटेनं शिकवा, अवघड राहत नाही. पण इथल्या मुली शाळा हिंदीत शिकतात, जर्मन इंग्रजीतून शिकतात आणि मराठी फक्त घरात बोलतात. घरातली भाषा परीक्षेला न्यायची असते हे त्यांच्या मनातच येत नाही.

चौथ्या भागाबद्दल थोडंच बोलते. तिथे माणसं ‘त्स्वार... आबर’ करत बोलतात, म्हणजे ‘आहे खरं महाग, पण...’. मुली म्हणतात, हा दोन्ही बाजूंनी बोलतो, उत्तर काय द्यायचं? आमच्या सभांमध्ये अनेकांतवादाचा अर्थ ‘सगळेच बरोबर’ असा इतक्या वेळा सांगितला जातो की मुलींचा गोंधळ मला समजतो. पण स्याद्वादातला ‘स्यात्’ म्हणजे ‘कदाचित’ नव्हे. अमुक अपेक्षेनं, अमुक बाजूनं पाहता, असा तो अगदी काटेकोर शब्द आहे. किमतीच्या अपेक्षेनं तो माणूस नाराज आहे, प्रस्तावाच्या अपेक्षेनं अनुकूल आहे. विचारलं आहे प्रस्तावाबद्दल. उत्तर : हो.

आता ज्या शब्दामुळे हा लेख लिहायचं ठरलं तिकडे येते. आमच्या भागात संत्री. म्हणून सरावासाठी मी संत्र्याच्या रसावरचा एक छोटा मजकूर काढला होता. जर्मनीत रसाच्या खोक्यावर ‘मिट फ्रुख्टफ्लाइश’ असं छापलेलं असतं. दोघी-तिघींनी तो रस शाकाहारी नाही असं उत्तर दिलं. एकीनं तर वहीत शब्दाभोवती लाल गोल काढला. ‘फ्लाइश’ म्हणजे मांस, हा शब्द आपल्या मुली सगळ्यात आधी पाठ करतात. तिकडे जाऊन उपाशी राहावं लागू नये म्हणून आयाच पाठ करून घेतात. पण फ्रुख्टफ्लाइश म्हणजे फळाचं मांस, म्हणजे आपला गर. रस गरासकट आहे, एवढाच त्याचा अर्थ. गरदार टोमॅटोला ते मांस-टोमॅटो म्हणतात. हसू नका, आपणही विज्ञानाच्या पुस्तकात ‘मांसल फळ’ आणि ‘मांसल पानं’ वाचूनच मोठ्या झालो, तेव्हा कुणी पुस्तक बाजूला सारलं नव्हतं.

हाच शब्द, अगदी हाच, आपल्या समाजाच्या एका जुन्या भांडणाच्या मुळाशी आहे. हर्मान जेकोबी या जर्मन पंडिताचं नाव आपल्या प्रत्येक व्यासपीठावरून घेतलं जातं. १८७९ मध्ये लाइप्त्सिशहून कल्पसूत्राची आवृत्ती काढताना त्यांनी जैनधर्म ही बौद्धधर्माची शाखा नाही असं दाखवून दिलं, म्हणून आपण त्यांचे ऋणी आहोत. त्याच जेकोबींनी १८८४ मध्ये आचारांगाचं इंग्रजी भाषांतर छापलं. माला होती ‘सेक्रेड बुक्स ऑफ द ईस्ट’, संपादक मॅक्सम्युलर. ज्यांच्या नावानं भारतात आज ही जर्मन परीक्षा घेणारी भवनं उभी आहेत, तेच. साधूच्या भिक्षेच्या नियमांत एके ठिकाणी ‘मंस’ आणि ‘अट्ठि’ असे शब्द आले. जेकोबींनी सरळ अर्थ लावला : मांस आणि हाडं. मुंबईहून निषेध झाला, पत्रव्यवहार झाला, वाद वर्षानुवर्षं चालला. १९२८ च्या एका पत्रात जेकोबींनी आपला जुना अर्थ सोडला.

आम्ही दिगंबर. उपलब्ध आचारांग आमच्या परंपरेत प्रमाण मानत नाहीत, तेव्हा हे भांडण आमचं नाही असं म्हणून मी बाजूला होऊ शकते. पण वाचणारी बाई म्हणून मला ते सोडवत नाही, कारण इथे वाचनाचीच परीक्षा आहे. ‘परदेशी माणूस चुकला आणि त्यानं माफी मागितली’ एवढीच गोष्ट आपण सांगतो. तीही शब्द शोधण्यासारखीच झाली. मजकूर काय म्हणतो? त्या नियमाच्या आधी ऊस आहे. उसाची कांडी, उसाचे तुकडे, ज्यात खाण्याजोगं थोडं आणि थुंकून टाकायचं जास्त. तशी भिक्षा घेऊ नये, असा नियम चालला आहे. त्याच ओघात हे शब्द येतात. आणि ‘अट्ठि’चा अर्थ आगमांत हाडापुरता नाही. प्रज्ञापनासूत्रात झाडांचे प्रकार सांगताना एका कोयीच्या फळांच्या झाडांना ‘एगट्ठिय’ म्हटलं आहे, त्यात आंबा आहे. एक अट्ठि असलेला आंबा म्हणजे एक हाड असलेला आंबा नव्हे! आपल्या मराठीतही फणसाच्या बीला आठळी म्हणतात, तो शब्द याच कुळातला. म्हणजे बिया आणि गर हा अर्थ बाहेरून चिकटवलेला नाही, तो भाषेत होताच. ज्या माणसाच्या मायबोलीत गराला फळाचं मांस म्हणतात, त्याला हे सुचायला इतकी वर्षं लागावीत याचं मला राहून राहून नवल वाटतं. तो आपल्या प्राकृतात जर्मन न्यायला विसरला, जशा आमच्या मुली जर्मनमध्ये मराठी न्यायला विसरतात.

पण इथे थांबले तर मीही सोयीचंच वाचलं असं होईल. शीलांकाचार्यांसारख्या जुन्या टीकाकारांनीही अशा जागी मांस हा अर्थ पूर्णपणे नाकारलेला नाही. ते खाण्यासाठी नसून बाहेरून लावायच्या उपचारासाठी, असा मार्ग त्यांनी काढला. म्हणजे हजारेक वर्षांपूर्वी आपल्याच आचार्यांना ती ओळ अडली होती. जेकोबींना एकट्याला दोषी धरणाऱ्यांनी ही टीका पाहिलेली नसते, आणि जेकोबींच्या पहिल्या अर्थावर उड्या मारणाऱ्यांनी उसाचं सूत्र पाहिलेलं नसतं. माझा कौल गराकडे आहे, कारण मागचा-पुढचा संदर्भ तिकडे झुकतो. श्रद्धा दुखावते म्हणून मी तो कौल देत नाही. रिश्टिश की फाल्श हे मजकुरातून ठरतं, घरच्या मतातून नाही. पहिल्या भागातल्या सहा विधानांचंही असंच असतं. ‘असं कसं असेल’ म्हणून खूण करणारी मुलगी तिथे हमखास गुण घालवते.

याच वाटेवरून उलट चाललेली एक बाई मला फार जवळची वाटते. शार्लोटे क्राउझं, जन्म १८९५. लाइप्त्सिशला शिकली, जुनी गुजराती वाचायला लागली, १९२५ च्या सुमारास भारतात आली आणि परत गेली नाही. श्रावकव्रतं घेतली, सुभद्रादेवी झाली, शिवपुरीला राहिली, उज्जैनच्या सिंधिया प्राच्य संस्थेत काम केलं, १९८० मध्ये ग्वाल्हेरला वारली. आपल्याच मध्य प्रदेशात. तिला आपल्या नियमावल्या, आपल्या धर्मशाळा, आपलं जेवण यांतलं काहीच आधी माहीत नव्हतं. ग्रंथ वाचून आली आणि मग माणसं वाचली. तिच्या नावाचा एक कार्यक्रम आमच्याकडे झालेला मला आठवत नाही. जर्मन पंडितांचं आपल्याला प्रशस्तिपत्रक हवं असतं, भिंतीवर लावायला. त्यांनी काय लिहिलं ते उघडून पाहणाऱ्या बायका किती?

पाठशाळेबद्दलही एक बोलायला हवं, रागावलात तरी चालेल. आपल्या मुलींची स्मरणशक्ती विलक्षण असते. भक्तामराची अठ्ठेचाळीस काव्यं आठव्या वर्षी म्हणतात. पण अर्थ विचारला तर ‘ताई, ते परीक्षेला नसते’ असं उत्तर येतं. पाठांतराला मी कमी लेखत नाही. त्यातला सूर, ती लय आयुष्यभर सोबत करते. परंतु न समजलेलं वाचत राहण्याची सवय तिथेच लागते, आणि न समजलेलं वाचत राहणारी मुलगी पासष्ट मिनिटांत पाच भागांवरून नजर फिरवते, कुठेही अडत नाही. अडायला शिकवायचं आहे. ‘हा शब्द इथे का आहे?’ असं विचारायला.

सध्या आमचं चाललंय ते असं. रविवारी मंदिरातून आल्यावर पाच-सहा जणी बसतात. अर्धा तास जर्मन मजकूर, युक्ती न वापरता, ओळ-ओळ, आणि प्रत्येक उत्तरासमोर मजकुरातली कोणती ओळ त्याला आधार आहे ते लिहायचं. आधार सापडला नाही तर उत्तर बरोबर असूनही गुण नाहीत. मग अर्धा तास एखादं प्राकृत किंवा संस्कृत पद, तसंच. पहिल्या दिवशी णमोकार मंत्र घेतला. ‘लोए’ हा शब्द पाचव्या पदातच का, पहिल्या चारांत का नाही, यावर आयासुद्धा येऊन बसल्या आणि स्वयंपाकाला उशीर झाला. सौंसरच्या मुलीची आई म्हणाली, “वहिनी, चाळीस वर्षं म्हणून राहिली मी हे, हा शब्द दिसलाच नव्हता.”

मुलीनं फक्त वाचनाचा अर्ज पुन्हा भरला आहे. पुण्याचं केंद्र मिळालं तर नागपूरहून रात्रीची गाडी. सरावात परवा तिचे बावीस आले, आणि तिसऱ्या भागात जिला जाहिरातच नसते ती गरज तिनं पहिल्यांदाच बरोबर ओळखून तिथे शून्य घातलं.